माणसं कल्पित चालतील, कचेरी खरी हवी

अमेरिकेवरच्या ऐतिहासिक कादंबऱ्यांत एक प्रसंग इतक्यांदा येतो की तो आता वाचकांना तोंडपाठ झालाय. न्यू यॉर्कच्या बंदरातलं एलिस बेट. लांबच लांब रांग. पोलंडहून नाहीतर सिसिलीहून आलेला एक भेदरलेला माणूस टेबलापाशी पोचतो, आपलं लांबलचक नाव सांगतो. पलीकडचा कारकून कंटाळून मान हलवतो आणि वहीत काहीतरी आखूड, इंग्रजी वळणाचं लिहून मोकळा होतो. माणूस नवं नाव घेऊन पुढे सरकतो. तिथून पुढची तीनशे पानं त्या हरवलेल्या नावाचा शोध.

प्रसंग चांगला आहे. फक्त तसं घडत नव्हतं.

१८९२ साली सुरू झालेल्या एलिस बेटावर नावं लिहिली जात नसत, तपासली जात. प्रवाशांची यादी जहाज कंपनीची माणसं निघतानाच, हॅम्बुर्गला, नेपल्सला, लिव्हरपूलला तयार करत. बेटावरच्या निरीक्षकापुढे तीच यादी असे. त्यातलेच प्रश्न पुन्हा विचारून उत्तरं जुळतात का, एवढं तो बघायचा: वय किती, धंदा काय, तिकिटाचे पैसे कोणी भरले, जवळ किती डॉलर आहेत, कोणाकडे चाललात. मदतीला दुभाषे असत. नाव बदलायचा अधिकार त्याला नव्हता, आणि त्या खाडाखोडीत त्याचा काही लाभही नव्हता.

मग नावं बदलली कुठे? कारखान्याच्या हजेरीपुस्तकात, शाळेच्या पटावर, भाड्याच्या खोलीच्या दारावर. तिथल्या रूढ कायद्यानुसार फसवणुकीचा हेतू नसेल तर माणूस नुसतं वापरून वापरून नवं नाव धारण करू शकत असे. १९०६ च्या कायद्यानंतर नागरिकत्वाच्या अर्जातच नाव बदलून घ्यायची सोय झाली. विसाव्या शतकाच्या मध्यात न्यू यॉर्कच्या न्यायालयांत ज्यू कुटुंबांचे नावबदलाचे अर्ज आले ते तर सहकुटुंब: नवरा, बायको, मुलं. कारण म्हणून लिहायचं, नाव उच्चारायला अवघड आहे. खरं कारण असं की नामांकित कॉलेजांनी ज्यू विद्यार्थ्यांच्या संख्येला गुपचूप लगाम घातला होता आणि नोकरीच्या अर्जावर धर्माचा रकाना होता.

आता दोन्ही प्रसंग शेजारी ठेवून पाहा. पहिल्यात एका परक्या कारकुनाचा आळस, म्हणजे निव्वळ अपघात. दुसऱ्यात एक बाप रात्री जेवणाच्या टेबलाशी बसून, फी भरून, सहीनिशी, स्वतःच्या हाताने आजोबांचं आडनाव सोडतोय, आणि समोर बसलेला दहा वर्षांचा मुलगा ते बघतोय. पहिला प्रसंग सगळ्यांना माफ करून टाकतो, बापालाही आणि कॉलेजलाही. कादंबरी कुठे आहे ते सांगायला नको.

माझं म्हणणं एवढंच आहे. अमेरिकेतल्या तुटलेपणावर ऐतिहासिक कादंबरी लिहिताना माणसं हवी तेवढी कल्पित घ्या. त्यांच्या मनातलं तर कल्पनेनेच लिहावं लागतं, तिथे दुसरा मार्ग नाही. पण कचेरी कल्पित नको. कोण विचारत होतं, कोणत्या कागदावर, कोणत्या तारखेला, उत्तर कोणी दिलं आणि ते चुकलं तर काय व्हायचं, हे खरं हवं. कारण त्या देशात असंख्य माणसांची ओळख मनाच्या आधी रकान्यात तुटली. सातबाऱ्यावर नाव न लागलेल्या वारसाची अवस्था ज्याने पाहिली आहे, त्या मराठी वाचकाला हे वेगळं समजावावं लागणार नाही.

आपल्याकडची ऐतिहासिक कादंबरी बखरीच्या मांडीवर वाढली. गड, स्वारी, दरबार, खलिता. त्यामुळे इतिहास म्हटला की आपण तलवार शोधतो, आणि ज्या देशाचा इतिहास फॉर्म भरण्यात घडला त्याच्याबद्दल वाचताना काहीच घडलं नाही असं वाटतं. पण घडतं बरंच. एक उदाहरण नीट खोलून बघू.

समजा, नायिका १८५५ साली जॉर्जियात गुलामगिरीत जन्मली. १८५० आणि १८६० च्या जनगणनेत गुलामांची यादी वेगळी होती. तीत मालकाचं नाव, आणि त्याखाली एकेका ओळीत वय, लिंग, काळा की मिश्र वर्णाचा, पळून गेलेला आहे का. गुलामाचं नाव नाही. म्हणजे १८६० साली आपली नायिका म्हणजे एक ओळ: ५, स्त्री, काळी. हे वयही मालकाने सांगितलेलं, बहुधा अंदाजाने. त्या सालच्या कागदात कादंबरीतल्या संशोधक नातवाला आजीचं नाव सापडलं, असं लिहिलंत की कादंबरी तिथेच संपली. मुक्त झालेल्या माणसांची नावं जनगणनेत पहिल्यांदा सरसकट आली ती १८७० मध्ये. आफ्रिकन-अमेरिकन घराण्यांचा शोध घेणारे लोक १८७० ला भिंत म्हणतात ते यामुळे.

१८७० मध्ये ती पंधरा वर्षांची, आता नावासकट. पण त्या वर्षीच्या फॉर्मवर कुटुंबप्रमुखाशी नातं काय, हा रकानाच नव्हता. तो १८८० ला आला. म्हणजे १८७० च्या पानावर एका घरात एक पुरुष, एक बाई आणि चार मुलं दिसली तरी ते नवरा-बायको आहेत, की विकल्या गेलेल्या बहिणीची मुलं सांभाळणारी मावशी आहे, हे तो कागद सांगत नाही. अनेक लेखक इथे घसरतात आणि सरळ संसार मांडून टाकतात. खरं तर लेखकाला याहून चांगली देणगी कुठली मिळणार? प्रगणक दारात उभा, प्रश्नच नाही विचारला, म्हणून उत्तर देता आलं नाही.

आडनावाचंही तसंच. मुक्त माणसाने शेवटच्या मालकाचं आडनाव घेतलं असं गृहीत धरण्याची सवय आहे. काहींनी घेतलं. काहींनी पहिल्या मालकाचं घेतलं, कारण आईवडील त्या नावाने शोधत येतील. काहींचं आडनाव गुलामगिरीतही होतंच, मालकाला माहीत नव्हतं इतकंच.

पुढचा थांबा १८९०. त्या वर्षी सरकारने प्रगणकांना सांगितलं की रक्त आठव्या भागापर्यंत मोजा: तीन चतुर्थांश किंवा जास्त असेल तर काळा, तीन अष्टमांश ते पाच अष्टमांश असेल तर म्युलॅटो, एक चतुर्थांशला क्वाड्रून, एक अष्टमांश किंवा नुसता अंश असला तरी ऑक्टरून. हे सगळं दारात उभं राहून, नजरेने. आणि हे कागद आज जवळजवळ नाहीतच. १० जानेवारी १९२१ ला वॉशिंग्टनमध्ये वाणिज्य खात्याच्या इमारतीच्या तळघराला आग लागली. काही जळले, काही बंबाच्या पाण्याने भिजले, आणि उरलेले पुढे सरकारनेच नष्ट केले. त्यामुळे १८८० आणि १९०० यांच्यामध्ये वीस वर्षांचं भोक आहे. या भोकात माणूस एका गावातून निघून दुसऱ्या गावात वेगळ्या रंगाचा होऊन बाहेर येऊ शकतो. मिश्र वंशाचं असून गोरं म्हणून वावरायला निघालेल्या पात्राला लेखकाने कुठून पळवावं, याचं उत्तर कागदांनीच देऊन ठेवलंय.

१९०० च्या फॉर्मवर बायकांसाठी दोन रकाने होते: किती मुलांना जन्म दिला, आणि त्यांपैकी हयात किती. आपली नायिका पंचेचाळीस वर्षांची. ‘९, ४’. एवढं लिहून प्रगणक पुढच्या घरी जातो. पाच मुलांबद्दल विचारायला त्याच्याकडे जागा नाही. यावर लेखकाने एक वाक्यही जास्त लिहू नये असं माझं मत आहे.

आता तिच्या वर्णाचा रकाना. तिचा बाप गोरा होता असं धरा. १८८० मध्ये ती ‘मिश्र’ लिहिली जाऊ शकते, १९०० मध्ये ‘काळी’, कारण त्या वर्षी मिश्र हा पर्यायच काढून टाकला होता. १९१० आणि १९२० मध्ये पुन्हा ‘मिश्र’, आणि जगली-वाचली तर १९३० मध्ये ‘निग्रो’, कारण त्या वर्षीची सूचना होती की निग्रो रक्त कितीही थोडं असलं तरी निग्रोच लिहायचं. ती घरातून हललीही नाही. फॉर्म हलत राहिला. मेक्सिकन माणसांचं याहून गमतीदार: १९२० मध्ये गोरे, १९३० मध्ये ‘मेक्सिकन’ या स्वतंत्र वंशाचे, १९४० मध्ये परत गोरे. आणि १९२० ते १९४० या तीन जनगणनांत ‘हिंदू’ हा वंश होता. कॅलिफोर्नियाच्या इम्पीरियल खोऱ्यात कापूस पिकवणारा शीख ‘हिंदू’, त्याच्या शेजारचा पंजाबी मुसलमानही ‘हिंदू’. यांतल्या अनेकांनी मेक्सिकन बायका केल्या, कारण वेगवेगळ्या वर्णांच्या लग्नाला तिथे बंदी होती आणि परवाना देणाऱ्या कारकुनाला दोघं एकाच रंगाचे दिसले की काम व्हायचं. त्या घरातल्या मुलाची ‘ओळख’ लिहायची तर आधी त्या कारकुनाचं टेबल लिहावं लागेल.

हेही ध्यानात असावं की १९६० पर्यंत वर्ण माणसाला स्वतः सांगायचा नव्हता. प्रगणक बघून ठरवायचा. घरी कोणी नसेल तर शेजाऱ्याला विचारायचा. कोणी माहिती दिली याची खूण, वर्तुळातली फुली, १९४० च्या कागदावर प्रथम दिसते. त्याआधी कोण बोललं हे कळायला मार्ग नाही. तारखाही पाठ हव्यात. १९०० ची गणना १ जूनची, १९१० ची १५ एप्रिलची, १९२० ची १ जानेवारीची. १९२० च्या प्रगणकाला गहू कापणाऱ्या मजुरांत उभं करणाऱ्या लेखकाने थर्मामीटर तरी बघायला हवा होता. आणि जनगणनेतली नावानिशी माहिती ७२ वर्षं बंद असते. १९५० ची पानं १ एप्रिल २०२२ ला खुली झाली. २०१५ मध्ये घडणाऱ्या कादंबरीतल्या नातीला ती ऑनलाइन सापडू शकत नाहीत.

खऱ्या कचेरीने कल्पनेला किती खाद्य मिळतं हे बघायचं तर पश्चिम किनाऱ्यावर जावं. सॅन फ्रान्सिस्कोच्या खाडीतलं एंजल बेट, स्थलांतरितांचं ठाणं, १९१० ते १९४०. चिनी मजुरांना येण्यास १८८२ च्या कायद्याने बंदी होती, पण अमेरिकेत जन्मलेला चिनी माणूस नागरिक असतो हे सर्वोच्च न्यायालयाने १८९८ मध्ये मान्य केलं होतं. मग एप्रिल १९०६ चा भूकंप आला, पाठोपाठ आग, आणि शहराच्या जन्मनोंदी जळाल्या. आता ‘माझा जन्म इथलाच’ असं सांगणाऱ्याला खोटं ठरवायला कागद उरला नाही. असा नागरिक झालेला माणूस चीनला जाऊन यायचा आणि परतताना नोंद करायचा की तिकडे मुलगा झाला. झालेला असो वा नसो. त्या नोंदीने एक जागा तयार व्हायची, आणि ती विकता यायची; साधारण दर मुलाच्या वयाच्या वर्षाला शंभर डॉलर. पंधरा वर्षांच्या पोराच्या घरचे दीड हजार डॉलर देऊन त्याला दुसऱ्याचा मुलगा बनवत. याला ‘कागदी मुलगा’ म्हणत.

अधिकाऱ्यांना हे ठाऊक होतं, म्हणून त्यांनी चौकशीची पद्धत बसवली. खोलीत निरीक्षक, दुभाषा, टंकलेखक आणि तो मुलगा. प्रश्न असे: तुमच्या घराचं तोंड कोणत्या दिशेला? दारापासून अंगणापर्यंत पायऱ्या किती? तुमच्या ओळीतल्या तिसऱ्या घरात कोण राहतं, त्याला मुलगे किती? तांदळाची कणगी कुठे ठेवलेली असते? आजीचे पाय बांधलेले होते का? असे शेकड्यांनी प्रश्न, दोन-तीन दिवस. मग तेच प्रश्न ‘बापाला’ आणि साक्षीदारांना वेगळं बसवून. उत्तरं जुळली नाहीत तर परतीचं जहाज, किंवा वॉशिंग्टनला अपील आणि बेटावर आणखी महिने. म्हणून पोरं बोटीवर वही पाठ करत आणि बंदर दिसायच्या आत ती समुद्रात फेकत. बेटावर पोचल्यावर काही बदल कळवायचा असेल तर चिठ्ठी स्वयंपाकघरातल्या चिनी कामगारांमार्फत आत यायची.

मला यातली सर्वांत जीवघेणी गोष्ट वाटते ती निराळीच आहे. खरे मुलगेही नापास व्हायचे. खऱ्या बापाने गाव सोडून दहा वर्षं झालेली, मधल्या काळात कणगी हलवलेली, तिसऱ्या घरातलं कुटुंब गेलेलं. बाप आठवणीतलं सांगतो, मुलगा डोळ्यांनी पाहिलेलं, आणि दोघंही खरं बोलत असल्यामुळे उत्तरं जुळत नाहीत. त्यामुळे खऱ्या बापलेकांनाही वही बनवून पाठ करावी लागे. स्वतःचंच घर परक्यासारखं घोकून ठेवायचं. ‘ओळखीचा प्रश्न’ या शब्दांत आपण जे गोळाबेरीज बोलतो ते इथे एका कणगीवर येऊन टेकतं. आणि हे कोणत्याही लेखकाला बसल्या जागी सुचलं नसतं, त्यासाठी चौकशीच्या टंकलिखित प्रती वाचाव्या लागतात.

पुढचं प्रकरण आणखी लांबतं. १९४३ मध्ये बंदी उठली, तीही वर्षाला १०५ माणसांच्या कोट्यापुरती. १९५६ पासून सरकारने कबुलीची योजना काढली: खोटं सांगून आलो असं कबूल करा, कागद दुरुस्त करून मिळतील. पण एकाने कबुली दिली की त्या कागदी कुटुंबातले सगळेच उघडे पडत. तेरा हजारांहून जास्त लोकांनी कबुली दिली. बाकीच्यांनी तोंड मिटून घेतलं आणि कागदी आडनाव नातवंडांपर्यंत गेलं. सॅन फ्रान्सिस्कोच्या दक्षिणेला कोल्मा नावाचं दफनभूमींचं गाव आहे. तिथल्या काही चिनी थडग्यांवर इंग्रजीत एक आडनाव असतं आणि चिनी अक्षरांत दुसरंच. खरं कोणतं, हे ज्याला चिनी वाचता येतं त्यालाच कळावं अशी व्यवस्था.

भारतीयांची कथा कमी सांगितली गेली आहे, आणि इथे मराठी कानाला ओळखीचं वाटेल असं एक नाव आहे: सखाराम गणेश पंडित. लॉस एंजेलिसचे वकील, १९१४ पासून अमेरिकेचे नागरिक. नागरिकत्व तेव्हा ‘मुक्त गोऱ्या माणसांना’ आणि आफ्रिकी वंशाच्यांना मिळे, आणि भारतीय माणूस गोरा की नाही हे एकेका न्यायालयाच्या मर्जीवर होतं. नोव्हेंबर १९२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ताकाओ ओझावा या जपानी माणसाला सांगितलं, तुम्ही कॉकेशियन (तेव्हाच्या वंशशास्त्रात गोऱ्यांचा मानलेला वंश) नाही म्हणून गोरे नाही. तीनच महिन्यांनी, फेब्रुवारी १९२३ मध्ये, अमेरिकी लष्करात नोकरी केलेल्या भगतसिंग थिंडना त्याच न्यायालयाने सांगितलं, तुम्ही शास्त्राच्या हिशेबाने कॉकेशियन असाल, पण सामान्य माणूस तुम्हाला गोरा म्हणणार नाही. दोन्ही निकाल एकाच न्यायमूर्तींनी लिहिलेले, जॉर्ज सदरलँड यांनी. थिंड यांच्या वकिलांत पंडितही होते.

निकालानंतर सरकारने आधी दिलेली नागरिकत्वंही परत घ्यायला सुरुवात केली. पंडितांवरही खटला आला. या वेळी त्यांनी आपण गोरे आहोत की नाही हा वादच बाजूला ठेवला. त्यांचा मुद्दा असा: तुमच्याच न्यायालयाने मला नागरिक केलं, तेव्हा तुम्ही वेळेत अपील केलं नाहीत, त्या निकालावर विसंबून मी वकिली केली, घर केलं, अमेरिकन बाईशी लग्न केलं, आता मागे फिरता येणार नाही. अपील न्यायालयाने १९२६ मध्ये त्यांच्या बाजूने निकाल दिला, आणि १९२७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सरकारचं अपील ऐकायलाच नकार दिला. राहिलेले खटले त्यानंतर थंडावले.

वैष्णोदास बगाई यांना या निकालाने वाचवलं नाही. पेशावरहून १९१५ मध्ये पत्नी कला आणि तीन मुलांसह सॅन फ्रान्सिस्कोला आले, दुकान काढलं, १९२१ मध्ये नागरिक झाले, आणि थिंड निकालानंतर नागरिकत्व गेलं. नागरिकत्वाबरोबर कॅलिफोर्नियाच्या जमीनविषयक कायद्याने मालमत्ताही हातची गेली. भारतात जाऊन यायचं तर ब्रिटिश पासपोर्ट घ्या असं सांगण्यात आलं. ब्रिटिश सत्तेला कंटाळून देश सोडलेल्या माणसाला. मार्च १९२८ मध्ये त्यांनी आत्महत्या केली, मागे पत्र ठेवलं, ते वर्तमानपत्रात छापून आलं. भारतीयांना नागरिकत्वाचा हक्क मिळाला १९४६ मध्ये. कलाबाई नंतर नागरिक झाल्या; आज बर्कलीत त्यांच्या नावाचा रस्ता आहे.

या दोन माणसांत लेखकाने कोणाला निवडावं? आजचा साहित्यिक कल बगाईंकडे झुकेल, कारण शोकांतिका तिथे तयार आहे. मला पंडित जास्त अवघड आणि म्हणून जास्त मोलाचे वाटतात. आपण कोण आहोत हे सिद्ध करण्याचा प्रयत्न सोडून दिल्यावर ते जिंकले. ओळख आणि कागद यांचा संबंधच त्यांनी वकिली थंडपणाने तोडला. असा माणूस संध्याकाळी घरी आल्यावर बायकोशी काय बोलत असेल, हा शंभर टक्के कल्पनेचा प्रांत आहे. पण तिथे जायचा रस्ता निकालपत्रातून जातो, आणि अमेरिकेवर लिहिणाऱ्या मराठी लेखकांना न्यू जर्सीतल्या एडिसनच्या भिशीतून आणि बर्फातल्या एकटेपणातून सवड मिळाली तर बघावा.

यावर आक्षेप येतात. पहिला, कादंबरी म्हणजे दस्तऐवज नव्हे. बरोबर. पण मी कागद पानावर ओतायला सांगत नाही. सहा महिने अभिलेखागारात घालवलेल्या लेखकाला ते सहाही महिने वाचकाच्या गळी उतरवायचे असतात, आणि मग पात्रं एकमेकांना कायद्याची कलमं ऐकवू लागतात. शंभर रकाने माहीत असावेत, पानावर एक यावा.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे. हे सगळे कागद सत्तेने लिहिले; ज्यांना चिरडलं त्यांचा आवाज त्यांत नाही; मग कादंबरीकाराने त्यांच्यावर का विसंबावं? उत्तर असं की विसंबू नये, पण कोणत्या हाताने काय लिहिलं हे कळल्याशिवाय अविश्वास तरी कशावर दाखवणार? शिवाय सगळे कागद सत्तेचे नाहीत. १८६५ ते १८७४ या काळात चाललेल्या, मुक्त झालेल्या गुलामांसाठीच्या फ्रीडमन्स बँकेत खातं उघडताना फॉर्मवर जुन्या मालकाचं, मळ्याचं, आईवडिलांचं, भावंडांचं नाव विचारत. लिहिता न येणारी माणसं आपला सगळा गोतावळा तोंडी सांगत. बँक बुडाली, माणसांचे पैसे बुडाले, फॉर्म राहिले. न्यू ऑर्लिअन्सच्या एका मेथडिस्ट साप्ताहिकात १८७९ पासून ‘हरवलेले आप्त’ असं सदर येत असे. वर्गणीदारांना फुकट, इतरांना पन्नास सेंट. पाद्र्यांना विनंती असे की हा मजकूर प्रार्थनेच्या वेळी वाचून दाखवावा. त्या जाहिरातींत आई मुलाला शोधते, आणि त्याला ओळखण्यासाठी सांगते काय, तर कोणत्या साली कोणी कोणाला विकलं. पन्नास सेंट देऊन सही केलेली ही कैफियत कुठल्याही सरकारने लिहून घेतली नव्हती. तुटलेपणाच्या कादंबरीला तिच्याहून मोठं मूळ मी कल्पू शकत नाही.

ही चर्चा केवळ साहित्याची राहत नाही, कारण या कागदांवर आजही निकाल लागतात. व्हर्जिनिया राज्यात वॉल्टर प्लेकर नावाचा निबंधक १९१२ ते १९४६ जन्ममृत्यूच्या नोंदी सांभाळत होता. १९२४ च्या वंशशुद्धीच्या कायद्यानंतर त्याने मूळनिवासी कुटुंबांना ‘निग्रो’ म्हणून नोंदवण्याचा सपाटा लावला, सुइणींना आणि तालुक्याच्या कारकुनांना दटावणीची पत्रं पाठवली, जुन्या दाखल्यांवर शेरे मारले. परिणाम असा की त्या जमातींना पुढे केंद्र सरकारची मान्यता मागताना आपण सलग अस्तित्वात होतो हे कागदाने दाखवता येईना. सहा जमातींना मान्यता मिळाली ती जानेवारी २०१८ मध्ये, तीही संसदेच्या वेगळ्या कायद्याने. अशा ठिकाणी ‘लोक हळूहळू आपली संस्कृती विसरले’ असं कादंबरीत लिहिणं म्हणजे प्लेकरची सही पुसून देणं आहे. लेखकाला स्वातंत्र्य आहे हे मान्यच. पण या स्वातंत्र्याचा फायदा नेमका कोणाला होतो ते बघायला काय हरकत आहे?

गोरं म्हणून वावरणाऱ्या पात्राचा कळसाचा प्रसंग लेखक बहुतेक आरशासमोर ठेवतात. आरसा, पावडर, थरथरता हात. मी सुचवेन ५ जून १९१७. त्या एका दिवशी देशभरातल्या २१ ते ३० वयाच्या पुरुषांनी लष्करभरतीसाठी नाव नोंदवायचं होतं. कार्डाच्या पुढच्या बाजूला बारा प्रश्न, दहाव्यात लग्न झालंय का आणि वंश कोणता. मागच्या बाजूला नोंदणीदाराने बघून भरायचं: उंच, मध्यम की ठेंगणा, डोळ्यांचा रंग, केसांचा रंग, टक्कल आहे का. आणि पुढे डाव्या कोपऱ्यात खाली बारीक अक्षरांत सूचना: माणूस आफ्रिकी वंशाचा असेल तर हा कोपरा फाडावा. आपल्या पात्राने दहाव्या प्रश्नाला ‘गोरा’ म्हणून उत्तर दिलंय. मागे रांग आहे, उकडतंय, मतदान केंद्रात सकाळपासून बसलेला नोंदणीदार कार्ड उलटं करून त्याच्या डोळ्यांचा रंग लिहितो, मग पुन्हा सुलटं करतो, आणि दोन बोटं त्या कोपऱ्यावर ठेवून वर बघतो.